दीपगृहांची संग्रहालये झाली, कामगारांचा इतिहास कोठे आहे?

संघटनेच्या बैठकीसाठी वा अधिवेशनासाठी चेन्नईला जाणारे आपले प्रतिनिधी संध्याकाळी थोडी उसंत मिळाली की मरीना किनाऱ्यावर जातात. किनाऱ्याच्या दक्षिण बाजूस लाल-पांढऱ्या पट्ट्यांचे उंच दीपगृह आहे. तिकीट काढून लिफ्टने वर गेले की एका बाजूस बंगालचा उपसागर आणि दुसऱ्या बाजूस सारे शहर दिसते. दीपगृहाच्या आवारात जुने दिवे व उपकरणे मांडून ठेवली आहेत. माणसे बघतात, छायाचित्र काढतात आणि परत फिरतात.

या शहराचे हे पहिले दीपगृह नव्हे, ते चौथे होय. पहिले दीपगृह सेंट जॉर्ज किल्ल्यातील एका इमारतीच्या गच्चीवर होते. ती इमारत आजही उभी आहे आणि १९४८ पासून तेथे संग्रहालय आहे. म्हणजे दीपगृहाचे संग्रहालय होणे ही आपल्या देशात काही आजची गोष्ट नाही.

आज हा विषय काढण्याचे कारण असे की, दीपगृहांना पर्यटनस्थळ व संग्रहालय करण्याचे धोरण सरकारने जोरात हाती घेतले आहे. या धोरणास आमचा विरोध नाही. कामगाराच्या मुलांनी दीपगृह पाहावे, समुद्राचा व जहाजांचा इतिहास समजून घ्यावा, असेच आम्हास वाटते. आमचा प्रश्न निराळा आहे. या संग्रहालयांतून इतिहास कोणाचा सांगितला जाणार? दिव्याचा की दिवा लावणाऱ्याचा? मद्रासच्या चार दीपगृहांची हकीकत नीट पाहिली तर हा प्रश्न आपल्या चळवळीच्या किती जवळचा आहे हे ध्यानात येईल.

गच्चीवरचा दिवा

अठराव्या शतकात मद्रासला बंदर असे नव्हतेच. सरळ, उघडा वाळूचा किनारा आणि त्यावर आदळणाऱ्या मोठमोठ्या लाटा. ईस्ट इंडिया कंपनीची जहाजे दूर समुद्रात नांगर टाकून उभी राहत. माल आणि माणसे किनाऱ्यावर आणण्याचे काम स्थानिक कोळी व नावाडी करीत. त्यांच्या होड्यांना मसुला म्हणत. या होडीत लोखंडी खिळा नसे. फळ्या काथ्याच्या दोरीने एकमेकींना शिवलेल्या असत. खिळ्यांनी ठोकलेली ताठ होडी या लाटांत फुटून जाई, शिवलेली होडी लाटेबरोबर वाकत असे आणि म्हणून टिकत असे. याशिवाय ओंडके एकत्र बांधून केलेले तराफे होते. तमिळ भाषेत त्यांना कट्टुमरम् म्हणतात, म्हणजे बांधलेले लाकूड. इंग्रजांनी हाच शब्द उचलला आणि कॅटमरान म्हणून जगभर नेला.

शब्द जगभर गेला, तो शब्द देणारी माणसे मात्र किनाऱ्यावरच राहिली. गव्हर्नरांपासून शिपायांपर्यंत आणि कापडाच्या गाठींपासून तोफांपर्यंत जे जे मद्रासच्या किनाऱ्यावर उतरले, ते या नावाड्यांच्या हातांवरून उतरले. कंपनीचा व्यापार कागदावर लिहिणाऱ्यांची नावे राहिली. लाटा अंगावर घेऊन तो पार पाडणाऱ्यांची राहिली नाहीत.

किल्ल्यातील व्यापाऱ्यांनी आपल्या सोयीसाठी १७९५ च्या सुमारास एक एक्स्चेंज म्हणजे व्यापारी भवन उभे केले. वरच्या मजल्यावरील मोठ्या दालनात सौदे होत, सभा भरत, सोडती निघत. याच इमारतीच्या गच्चीवर १७९६ मध्ये मद्रासचे पहिले दीपगृह सुरू झाले. त्यात नारळाच्या तेलाचे दिवे जळत. ही व्यवस्था सुमारे अर्धे शतक चालली. पुढे इमारतीचे उपयोग बदलत गेले. काही काळ ती लष्करी अधिकाऱ्यांच्या भोजनगृहासाठी वापरली गेली. शेवटी ३१ जानेवारी १९४८ रोजी तेथे संग्रहालय खुले झाले. आज ते भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्याकडे आहे.

या संग्रहालयात पाहण्यासारखे पुष्कळ आहे. जुनी नाणी, शस्त्रे, गणवेश, गव्हर्नरांची तैलचित्रे आणि लॉर्ड कॉर्नवॉलिसचा संगमरवरी पुतळा तेथे आहे. १५ ऑगस्ट १९४७ रोजी किल्ल्यावर फडकलेला तिरंगाही तेथे जपून ठेवला आहे, आणि तो पाहताना कोणाही भारतीयाचा ऊर भरून येईल. परंतु ज्या गच्चीवर दिवा जळत होता तेथे रोज संध्याकाळी तेलाची भांडी घेऊन चढणारा माणूस कोण होता? रात्रभर वाती सारखणारा, पहाटे काजळलेल्या काचा पुसणारा कोण होता? कॉर्नवॉलिसचा पुतळा घडविणाऱ्या शिल्पकाराचे नाव आपल्याला ठाऊक आहे. दिवा जळता ठेवणाऱ्याचे नाव ठाऊक नाही.

दगडाचा स्तंभ

जहाजांची ये-जा वाढली तसा गच्चीवरचा दिवा अपुरा पडू लागला. मग मद्रास इंजिनिअर्स दलातील कॅप्टन जे. टी. स्मिथ यांच्या देखरेखीखाली किल्ल्याच्या उत्तरेस एक दगडी स्तंभ उभारण्यात आला. प्राचीन ग्रीक शैलीतील हा स्तंभ सुमारे १२५ फूट उंच आहे. १ जानेवारी १८४४ पासून तेथून दिवा दाखविला जाऊ लागला. आज तो उच्च न्यायालयाच्या आवारात उभा आहे.

या स्तंभाविषयी लिहिताना स्मिथ यांचे नाव सर्वत्र येते आणि ते यायलाच हवे. परंतु कठीण ग्रॅनाइटचे दगड खाणीत फोडणारे, बैलगाड्यांतून आणणारे, छिन्नी-हातोड्याने गोलाई देणारे आणि सव्वाशे फूट उंच चढविणारे हात हे त्या भागातील पाथरवट, गाडीवान व मजुरांचे होते. त्या काळी क्रेन नव्हत्या, सुरक्षा पट्टे नव्हते, अपघाताची भरपाई देणारा कायदा तर नव्हताच. आपल्या देशात असा कायदा १९२३ मध्ये आला. स्तंभ उभा राहिल्यानंतर त्याला ऐंशी वर्षे लागली!

न्यायालयाच्या घुमटावर

तिसऱ्या दीपगृहाची कथा आपल्या चळवळीशी थेट भिडते. १८९२ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाची भव्य, लाल विटांची इमारत खुली झाली. तिचा मुख्य घुमट शहरातील सर्वांत उंच जागांपैकी एक होता. तेव्हा निराळा मनोरा बांधण्याऐवजी याच घुमटावर दिवा बसविण्याचे ठरले. १ जून १८९४ पासून, समुद्रसपाटीपासून सुमारे १७५ फुटांवरून, न्यायालयाच्या डोक्यावरचा हा दिवा फिरू लागला. पहिल्या महायुद्धात २२ सप्टेंबर १९१४ च्या रात्री एम्डेन या जर्मन युद्धनौकेने मद्रासवर तोफा डागल्या. तेलाच्या टाक्या पेटल्या आणि काही गोळे न्यायालयाच्या परिसरातही पडले. त्याची आठवण सांगणारी पाटी तेथील भिंतीवर आहे.

तोफेच्या गोळ्याची पाटी आहे. आता त्याच छपराखाली पडलेल्या दुसऱ्या एका गोळ्याची आठवण आपण करू. तो गोळा कामगार संघटनेवर पडला होता.

२७ एप्रिल १९१८ रोजी मद्रासच्या पेरांबूर भागात बकिंगहॅम व कर्नाटिक गिरण्यांच्या कामगारांनी मद्रास लेबर युनियनची स्थापना केली. बी. पी. वाडिया तिचे अध्यक्ष होते आणि थिरु. वि. कल्याणसुंदरम् यांच्यासारखी माणसे त्यात होती. आधुनिक पद्धतीने बांधलेली भारतातील पहिली कामगार संघटना म्हणून तिचा उल्लेख होतो. १९२० च्या ऑक्टोबरमध्ये बकिंगहॅम गिरणीत तंटा झाला, टाळेबंदी आली. डिसेंबरमध्ये पोलिसांचा गोळीबार झाला व त्यात माणसे मेली. गिरणीमालकांनी एवढ्यावर न थांबता वाडिया व त्यांच्या सहकाऱ्यांवर उच्च न्यायालयात दावा लावला. कामगारांना कामाचा करार मोडण्यास चिथावणी दिली, त्यामुळे आमचे नुकसान झाले, असा तो दावा होता. न्यायालयाने मनाई हुकूम दिला. संघटना करणे, संप करणे हा जणू मालकाच्या मालमत्तेवरचा घाला आहे, असा त्याचा अर्थ झाला. अखेर १९२१ च्या आरंभी तडजोड झाली. वाडियांनी संघटनेशी संबंध तोडावा आणि मालकांनी दावा मागे घ्यावा, ही तिची अट होती.

घुमटावरचा दिवा समुद्रावरच्या जहाजांना खडक कोठे आहे ते दाखवीत होता. त्याच घुमटाखाली कामगारांनाही एक खडक दिसला. कायद्याचे संरक्षण नसेल तर संघटनेचे तारू कोणत्याही क्षणी फुटू शकते, हे त्या एका हुकुमाने साऱ्या देशाला कळले.

हा धडा ज्यांनी लगेच उचलला त्यांत एक मराठी माणूस होता. आजच्या रायगड जिल्ह्यात जन्मलेले, मुंबईत सोशल सर्व्हिस लीगचे काम उभे करणारे नारायण मल्हार जोशी, आपले ना. म. जोशी. मार्च १९२१ मध्ये त्यांनी मध्यवर्ती कायदेमंडळात ठराव मांडला की, कामगार संघटनांची नोंदणी व संरक्षण यासाठी सरकारने कायदा करावा. त्यानंतर पाच वर्षे गेली. १९२६ मध्ये ट्रेड युनियन कायदा संमत झाला आणि १ जून १९२७ पासून तो अमलात आला. नोंदलेल्या संघटनेच्या कार्यकर्त्यावर केवळ कामगारांना संपासाठी संघटित केले म्हणून कटाचा खटला वा नुकसानभरपाईचा दावा लावता येणार नाही, हे संरक्षण त्या कायद्याने दिले. मद्रासच्या दीपगृहाखाली जो अंधार पडला होता त्यातून हा कायदा निघाला, असे म्हणण्यास हरकत नाही.

किनाऱ्यावरचा मे दिन

कायदा होण्यापूर्वीच कामगार मात्र पुन्हा उभा राहिला होता, आणि तोही याच दिव्याच्या उजेडात. १ मे १९२३ रोजी सिंगारवेलर यांनी मद्रासमध्ये मे दिनाच्या सभा घेतल्या. भारतातील पहिला मे दिन तो हाच. सभा दोन ठिकाणी झाल्या. एक ट्रिप्लिकेनच्या किनाऱ्यावर आणि दुसरी उच्च न्यायालयासमोरच्या किनाऱ्यावर. ज्या न्यायालयाने अडीच वर्षांपूर्वी संघटनेला मनाई केली होती त्याच्याच समोर, त्याच्याच घुमटावरच्या दिव्याखाली कामगारांनी आठ तासांच्या दिवसाचा सण साजरा केला.

सिंगारवेलर हे स्वतः कोळी समाजात जन्मलेले. पेशाने वकील, पण मूळ किनाऱ्यावरचे. मसुला होड्यांनी ज्या लाटा तोडल्या त्याच लाटांच्या काठी एका कोळ्याच्या मुलाने कामगारांचा सण या देशात आणला. याहून मोठी वारसाकथा कोणत्या संग्रहालयास हवी?

मरीनाच्या उत्तर टोकास देवीप्रसाद रॉयचौधुरी यांचे ‘श्रमाचा विजय’ हे शिल्प आहे. चार कष्टकरी एक प्रचंड खडक जोर लावून हलवीत आहेत. १९५९ च्या प्रजासत्ताकदिनाच्या सुमारास ते तेथे बसविण्यात आले. पुढे १० जानेवारी १९७७ रोजी किनाऱ्याच्या दुसऱ्या बाजूस आजचे दीपगृह सुरू झाले आणि न्यायालयाच्या घुमटावरचा दिवा बंद झाला. सुरक्षेच्या कारणास्तव बरीच वर्षे हे दीपगृह लोकांना बंद होते. १४ नोव्हेंबर २०१३ रोजी ते पुन्हा उघडले. एका टोकास श्रमाचे शिल्प आणि दुसऱ्या टोकास दीपगृह. मधल्या वाळूत मे दिनाचा इतिहास आहे. तो वाचून दाखविणारा कोणी हवा.

दिवा सांभाळणारे

आता दीपगृहाच्या आत काम करणाऱ्या माणसाकडे वळू. रेल्वे, गोदी, टपाल, वीज या उद्योगांतील कामगारांविषयी आपण नेहमी लिहितो. दीपगृहाचा कर्मचारी संख्येने थोडा आणि राहणारा एकाकी, त्यामुळे त्याच्याविषयी फारसे लिहिले जात नाही.

त्याचे काम कसे असे? सूर्यास्तापूर्वी दिवा तयार ठेवायचा. पूर्वी तेलाचे, नंतर रॉकेलच्या वाफेवर जळणारे दिवे असत. त्यांची वात, जाळी, दाब सतत पाहावा लागे. भिंग फिरविणारी यंत्रणा घड्याळासारखी असे. जड वजन साखळीने वर ओढून ठेवायचे, ते हळूहळू खाली येई आणि भिंग फिरे. ते ठराविक वेळाने पुन्हा वर ओढावे लागे, मध्यरात्र असो की वादळ असो. भिंग अलगद फिरावे म्हणून कित्येक दीपगृहांत ते पाऱ्याच्या टाकीवर तरंगत ठेवीत. पाऱ्याची वाफ विषारी असते. बंद खोलीत वर्षानुवर्षे ती वाफ घेत काम करणाऱ्यांच्या प्रकृतीचे काय झाले, हा प्रश्न त्या काळी कोणास सुचला नाही. याशिवाय ओसाड बेटावरचे वास्तव्य, मुलांची शाळा दूर, दवाखाना त्याहून दूर. एक रात्र दिवा विझला तर त्याची शिक्षा जहाजावरच्या शेकडो जिवांना, एवढी जबाबदारी.

यंत्र आले आणि हे काम बदलले. वीज, मग सौरशक्ती, मग दुरून चालणारी स्वयंचलित यंत्रणा. पाऱ्याची टाकी गेली हे चांगलेच झाले. कष्ट व धोका कमी करणाऱ्या यंत्राला कामगार चळवळीने केवळ यंत्र म्हणून विरोध करू नये, हे आम्ही पूर्वीही म्हटले आहे. पण यंत्र येते तेव्हा माणसाचे काय होते, हे विचारण्याचा हक्क आपण सोडता कामा नये.

ब्रिटनचे उदाहरण याबाबत पाहण्यासारखे आहे. स्कॉटलंडच्या ईशान्य किनाऱ्यावर फ्रेझरबर्ग गावी किनेर्ड हेड येथे एका जुन्या गढीवर १७८७ मध्ये दीपगृह सुरू झाले. तेथील पहिला राखणदार जेम्स पार्क हा जहाजाचा जुना कप्तान होता. त्याला रात्रीला एक शिलिंग मजुरी ठरली. शिवाय दर रविवारी रात्री आणखी एका माणसाला सोबत घेऊन दिवा साफ करण्याचे व लावण्याचे काम त्याने शिकवावे, अशी अट होती. १९९१ मध्ये या जुन्या मनोऱ्यातील दिवा बंद करून शेजारी लहान स्वयंचलित दिवा बसविला गेला, आणि १९९५ मध्ये तेथे दीपगृहांचे संग्रहालय खुले झाले. तीन वर्षांनी, नोव्हेंबर १९९८ मध्ये, नॉर्थ फोरलँड येथील राखणदार उतरले आणि साऱ्या ब्रिटनमध्ये माणसाने चालविलेले एकही दीपगृह उरले नाही.

या हकीकतीतून दोन गोष्टी शिकण्यासारख्या आहेत. पहिली, राखणदाराचे नाव, मजुरी आणि नोकरीची अट दोनशे वर्षांनंतरही सांगता येते, कारण कोणीतरी ती नोंद जपली. दुसरी, संग्रहालय उघडले त्या सुमारासच तो पेशा संपला. पेशा संपला की संग्रहालय उघडते, ही जगाची रीतच दिसते. आपल्याकडे मुंबईच्या गिरण्यांचे काय झाले हे आठवून पाहावे.

आजचे धोरण

आपल्या देशात दीपगृहांचा कारभार केंद्र सरकारच्या दीपगृह व दीपनौका महासंचालनालयाकडे आहे. पूर्वी तो १९२७ च्या दीपगृह कायद्याने चाले. २०२१ मध्ये त्या जागी नौकानयन साहाय्याचा नवा कायदा आला. शिक्षण, संस्कृती व पर्यटन यांसाठी एखाद्या दीपगृहास वारसा दीपगृह म्हणून घोषित करण्याची तरतूद या नव्या कायद्यात आहे. २०२३ मध्ये गोव्यात आग्वाद येथे दीपगृह महोत्सव भरविण्यात आला. २८ फेब्रुवारी २०२४ रोजी तमिळनाडूत तूतुकुडी येथे पंतप्रधानांनी देशातील ७५ दीपगृहांवरील पर्यटन सुविधांचे लोकार्पण केले. गुजरातमध्ये लोथल येथील सागरी वारसा संकुलात ७७ मीटर उंचीचे दीपगृह संग्रहालय उभारण्याच्या योजनेस ऑक्टोबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने मान्यता दिली. ते जगातील सर्वांत उंच दीपगृह संग्रहालय ठरावे अशी योजना आहे.

उंचीचा विक्रम करावा, आमची ना नाही. पण संग्रहालयाचे मोल मीटरमध्ये मोजता येत नाही. ७७ मीटर चढून गेल्यावर तेथे पाथरवट, नावाडी, राखणदार आणि गोदी कामगार भेटणार आहेत की नाहीत, हे आम्हास पाहावयाचे आहे.

दुसरी गोष्ट रोजगाराची. पर्यटन आले की उपाहारगृह, बाग, तिकीटघर, सफाई, पहारा आणि वाटाड्ये आले. म्हणजे काम आले. परंतु अशा ठिकाणची कामे बहुधा कंत्राटदाराकडे जातात आणि कंत्राटदार किमान वेतन व भविष्यनिर्वाह निधी यांबाबत काय करतो हे आपल्या वाचकांना सांगावयास नको. ज्या आवारात एकेकाळी निवृत्तिवेतनाची सरकारी नोकरी होती तेथे उद्या वारसा दाखविणारा तरुण रोजंदारीवर उभा राहणार असेल, तर तो कोणता वारसा म्हणायचा?

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. ज्या १९२६ च्या ट्रेड युनियन कायद्याची जन्मकथा आम्ही वर सांगितली तो कायदा आता स्वतंत्रपणे उरलेला नाही. २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेने त्याची जागा घेतली आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून ती लागू झाली. संघटनेस संरक्षण देणारी जुनी कलमे नव्या संहितेत आणली आहेत, असे सांगितले जाते. पण संपापूर्वी चौदा दिवसांची सूचना आता सर्वच उद्योगांत बंधनकारक झाली आहे. पूर्वी असे बंधन सार्वजनिक उपयोगितेच्या सेवांपुरते होते. कामगार कपात वा कारखानाबंदी करण्यापूर्वी सरकारची परवानगी घेण्याची मर्यादा शंभर कामगारांवरून तीनशेवर गेली आहे. म्हणजे २९९ कामगारांचा मालक आता परवानगीवाचून कारखान्याला टाळे लावू शकतो. मद्रासच्या घुमटाखाली १९२० मध्ये जो धडा मिळाला तो नव्या पिढीला ठाऊक नसेल, तर हे बदल म्हणजे नुसती कागदाची अदलाबदल वाटेल. इतिहास ठाऊक असेल तरच त्यातला खडक दिसेल.

एकेकाळचा दिवा संग्रहालयात गेला याचे दुःख नाही. त्याच्या जागी दुसरा दिवा लागला. परंतु एकेकाळचा हक्क संग्रहालयात गेला तर त्याच्या जागी दुसरा हक्क आपोआप लागत नाही. तो लावावा लागतो.

आमच्या मागण्या

केवळ तक्रार करून थांबणे बरे नव्हे. म्हणून आम्ही आपल्या राज्य समित्यांपुढे व संबंधित खात्यांपुढे काही मागण्या ठेवीत आहोत.

पहिली मागणी अशी की, वारसा म्हणून घोषित होणाऱ्या प्रत्येक दीपगृहात तेथे काम केलेल्या कर्मचाऱ्यांची नोंद असलेले एक दालन असावे. त्यांची कामाची वेळ, वेतन, राहणी आणि अपघात यांची माहिती हजेरीपट व दप्तरांतून काढता येईल. निवृत्त कर्मचारी हयात आहेत तोवर त्यांच्या आठवणी ध्वनिमुद्रित कराव्यात. हे काम दहा वर्षांनी होणार नाही, आजच व्हावयास हवे.

दुसरी मागणी, चेन्नईच्या किनाऱ्यावर १९२३ च्या मे दिनाची हकीकत एम्डेनच्या गोळ्याइतक्याच ठळकपणे लिहिलेली असावी, आणि किल्ल्यातील संग्रहालयात मसुला नावाड्यांना गव्हर्नरांच्या शेजारी मानाची जागा मिळावी.

तिसरी मागणी, दीपगृहांच्या पर्यटनातून निर्माण होणारी कामे कायम स्वरूपाची असतील तेथे ती कायम कर्मचाऱ्यांकडून करून घ्यावीत. तेथे भरती करताना दीपगृह कर्मचाऱ्यांची मुले आणि किनाऱ्यावरील कोळी कुटुंबे यांचा विचार आधी व्हावा.

चौथी गोष्ट सरकारकडे मागावयाची नाही, ती आपली आपणच करावयाची आहे. प्रत्येक संघटनेच्या कार्यालयात जुनी कपाटे आहेत. त्यांत संपाची पत्रके, सभासदांच्या पावत्या, कराराच्या प्रती, वाळवीने खाल्लेल्या इतिवृत्ताच्या वह्या पडून आहेत. कार्यालय हलविताना त्या रद्दीत जातात. दीपगृहाच्या राखणदाराचे नाव कोणी लिहून ठेवले नाही म्हणून आपण सरकारला दोष देतो. आपल्या पहिल्या संपातील बडतर्फ कामगारांची यादी आपल्यापैकी किती जणांकडे आहे?

येत्या मे दिनापूर्वी प्रत्येक शाखेने आपले एक कपाट उघडावे, कागद पुसून लावून ठेवावेत आणि वयोवृद्ध सभासदांना बोलावून नावे विचारून घ्यावीत. आपला इतिहास आपण जपला नाही तर उद्या कोणीतरी आपल्या कारखान्याचेही संग्रहालय करील, आणि त्यात यंत्रे असतील, आपण नसू.